परवानगी आहे, जागा माझी आहे, तरी काम अडवतायत? कोर्टातून पोलीस बंदोबस्त कसा मिळवायचा

आमच्या प्लॉटवर खडीचा पहिला ट्रक आला तेव्हा समोर एक बुलेट आडवी लावलेली होती आणि तिच्यावर बसलेला माणूस अगदी शांतपणे म्हणाला, "काम नाय करायचं." का? "नाय म्हंजे नाय." मी फाइलीतून बांधकाम परवानगी काढून पुढे केली, त्याने हातात पण घेतली नाही. ट्रकवाल्याने अर्धा तास वाट बघितली, मग खडी रस्त्याच्या कडेला ओतली आणि पूर्ण भाडं घेऊन गेला. नोव्हेंबर होता. त्याच दुपारी पोलीस स्टेशनला गेलो तर ठाणे अंमलदारांनी दोन मिनिटं ऐकून घेतलं आणि म्हणाले सिव्हिल मॅटर आहे, कोर्टातून ऑर्डर आणा.

डिसेंबरात दावा टाकला, मार्चमध्ये मनाई हुकूम मिळाला, आणि मी पेढे घेतल्यासारखं तोंड करून परत त्याच टेबलापुढे उभा राहिलो. त्यांनी अकरा पानांची ऑर्डर घेतली, दहा पानं एका बोटाने उलटली, शेवटच्या पानावर बोट ठेवलं, वाचलं, आणि कागद परत माझ्याकडे सरकवला. "यात पोलिसांचं नाव कुठंय साहेब? त्यांना अडवू नका म्हटलंय. आम्ही काय करायचं ते नाही लिहिलेलं." आणि खरंच नव्हतं. ती एक ओळ आणायला अजून दीड महिना गेला.

हा लेख त्या एका ओळीसाठी आहे. मी वकील नाही, घर बांधून बसलेला माणूस आहे, आणि जे मला कुणी आधी सांगितलं नाही ते इथे क्रमाने लिहितोय. सगळं महाराष्ट्राच्या हिशोबाने आहे. तुमच्या केसचं शेवटी तुमच्या वकिलांशीच बोला, पण बोलायला जाताना काय घेऊन जायचं ते तरी कळेल.

सगळ्यात आधी: अडवतोय कोण आणि कशासाठी

इथेच बहुतेक लोक चुकतात, कारण आपल्याला सगळे अडवणारे सारखेच गुंड वाटतात. पण रस्ता कोणता धरायचा ते यावर ठरतं.

एक प्रकार म्हणजे हक्क सांगणारा. चुलत भाऊ म्हणतो वाटणी झालीच नाही, शेजारी म्हणतो तुमचा पाया माझ्या हद्दीत दोन फूट आलाय, मागचा शेतकरी म्हणतो माझी वहिवाटीची वाट इथूनच जाते. त्याचं खरं असेल नसेल, पण तो काहीतरी हक्क सांगतोय, आणि हक्काचा निवाडा पोलिसांनी करायचा नसतो, दिवाणी कोर्टाने करायचा असतो. तिथे अंमलदार "सिव्हिल मॅटर" म्हणाले तर ते टाळतायत असं दर वेळी नसतं.

दुसरा प्रकार म्हणजे ज्याला जागेशी काही घेणंदेणं नाही. वाळू-विटा माझ्याकडूनच घ्या, नाहीतर गाडी आत येणार नाही. किंवा माथाडीच्या नावाने पावती फाडणारे, माल उतरवायला हात लावणार नाहीत पण उतराईचे पैसे पाहिजेत. माथाडी कायदा १९६९ चा आहे, हमालांसाठी फार मोलाचा आहे, आणि त्याच्या नावावर धंदा करणाऱ्यांचा त्या कायद्याशी संबंध नाही. केरळमध्ये याच प्रकाराला नोक्कुकूली म्हणतात, म्हणजे नुसतं बघत उभं राहण्याची मजुरी, आणि तिथल्या सरकारने १ मे २०१८ पासून ती बंद केली, तरी त्यानंतरही लोकांना पोलीस संरक्षणासाठी तिथल्या हायकोर्टात जावं लागलं. तर हा प्रकार सिव्हिल मॅटर नाहीच. धमकी देऊन पैसे मागणं म्हणजे खंडणी, भारतीय न्याय संहितेचं कलम ३०८, सात वर्षांपर्यंत शिक्षा, दखलपात्र, म्हणजे पोलिसांनी थेट गुन्हा नोंदवायचा. इथे दावा टाकत बसू नका, थेट एफआयआर मागा.

बऱ्याचदा दोन्ही मिसळलेलं असतं. हक्काचं नाव पुढे करायचं आणि रात्री फोन करून "बघा ना साहेब, मिटवून टाकू" म्हणायचं. आमचा बुलेटवाला तसाच होता. असं असेल तर दोन्ही रस्ते एकाच वेळी चालवा.

फाइल: कोर्टात जायच्या आधीचं घरचं काम

कोर्ट तुमच्याकडे बघत नाही, कागदाकडे बघतं. मालकीसाठी खरेदीखत, चालू तारखेचा सातबारा, फेरफार, आणि सिटी सर्व्हे किंवा गावठाणात असाल तर प्रॉपर्टी कार्ड. सातबाऱ्यावर तुमच्याबरोबर अजून चार नावं असतील आणि वाटप झालेलं नसेल तर आधी तिथे थांबा. सामाईक जमिनीत एका हिस्सेदाराने दुसऱ्याला "अडवू नको" म्हणणं कोर्टाला सहज पटत नाही. आधी वाटपाचा प्रश्न, मग बांधकाम.

मग हद्द. भूमी अभिलेख कार्यालयातून हद्द कायमची सरकारी मोजणी करून घ्या आणि क प्रत, म्हणजे मोजणीचा अधिकृत नकाशा, ताब्यात ठेवा. खाजगी सर्व्हेअरचा नकाशा घर आखायला ठीक आहे, भांडायला नाही. मोजणीची नोटीस शेजाऱ्यांनाही जाते, ते आले की सही करतात नाहीतर हरकत घेतात, दोन्ही आपल्या फायद्याचंच कारण नंतर "मला माहीतच नव्हतं" म्हणता येत नाही. मोजणी त्यांना मान्य नसेल तर त्यांनी निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, मागावी, त्याच्या वर सुपर निमताना आहे, तुम्ही त्यांच्यासाठी ते करत बसू नका. आणि मोजणीच अडवली तर मोजणीलाही बंदोबस्त मागता येतो, हे खूप जणांना माहीत नसतं.

परवानगी. नगरपालिका, महापालिका, पीएमआरडीए, जी कोणी तुमची प्लॅनिंग अथॉरिटी असेल तिचं कमेन्समेंट सर्टिफिकेट (काम सुरू करायचा दाखला) आणि शिक्क्याचा मंजूर नकाशा. तारीख बघा! परवानगी एका वर्षाची असते आणि संपायच्या आधी नूतनीकरण करावं लागतं, आणि भांडणात वर्ष कधी सरतं ते कळत नाही. माझी संपायला एकोणीस दिवस राहिले होते तेव्हा आर्किटेक्टच्या लक्षात आलं. मुदत संपलेल्या परवानगीवर कोर्टात उभं राहिलात तर समोरच्याचा वकील पहिल्या पाच मिनिटांत तेवढंच बोलून खाली बसेल.

इथे एक कडू गोष्ट. नकाशात नसलेलं काही बांधायचा विचार असेल, बाल्कनी दोन फूट पुढे, जिना मार्जिनमध्ये, तर बंदोबस्त विसरा. तो फक्त कायदेशीर बांधकामाला मिळतो. तुमच्या विटा तुमच्यापेक्षा समोरचा जास्त बारकाईने मोजत असतो, त्याची एक तक्रार गेली की नगरपालिकेची एमआरटीपी म्हणजे नगररचना कायद्याखाली काम थांबवायची नोटीस येते आणि तुमच्या मनाई हुकुमाचा तिच्यापुढे काही उपयोग नाही, तो हुकूम शेजाऱ्याविरुद्ध असतो, नगरपालिकेविरुद्ध नाही.

पोलीस स्टेशन: नाही म्हणतील हे माहीत असूनही जा

काम अडवलं की त्याच दिवशी लेखी तक्रार द्या. तोंडी सांगून घरी येऊ नका, मी पहिल्यांदा तेच केलं आणि नोव्हेंबरची ती दुपार कुठल्याच कागदावर राहिली नाही. दोन प्रती, एकीवर आवक नंबर, शिक्का, तारीख. पोच देत नसतील तर तोच मजकूर स्पीड पोस्टाने पोलीस निरीक्षकांना (पीआय) आणि पोलीस अधीक्षकांना, शहरात असाल तर आयुक्तालयात, आणि ईमेलही. त्या क्षणी अडवणूक चालू असेल तर ११२ ला फोन करा, गाडी येते, निदान कॉलची नोंद होते.

तक्रारीत भावना कमी आणि घटना जास्त. किती वाजता, कोण कोण, कोणती गाडी, काय शब्द वापरले, कोणता माल परत गेला, त्याचं बिल किती. "आमच्यावर अन्याय होतोय" या वाक्याने काही होत नाही. "सकाळी ९.४० ला अमुक नंबरची बुलेट आमच्या गेटसमोर आडवी लावून खडीचा ट्रक अडवला" याने होतं, कारण वाट अडवणं हा न्याय संहितेच्या कलम १२६ चा गुन्हा आहे आणि आत घुसून दमदाटी केली असेल तर ३२९ चा अपप्रवेश, दोन्ही दखलपात्र. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर नोंदवलाच पाहिजे हे सुप्रीम कोर्टाने २०१३ मध्ये ललिता कुमारी केसमध्ये सांगून ठेवलंय. तरी एनसीवर, म्हणजे अदखलपात्र नोंदीवर भागवतात. मग बीएनएसएसच्या (नवी नागरिक सुरक्षा संहिता) कलम १७३(४) खाली अधीक्षकांना लेखी, आणि तिथेही नाही झालं तर वकिलामार्फत मॅजिस्ट्रेटपुढे १७५(३) चा अर्ज, त्याला प्रतिज्ञापत्र जोडावं लागतं.

व्हिडिओ काढा पण फोन सांभाळा. व्हिडिओ कोर्टात द्यायचा तर साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं सर्टिफिकेट लागतं, आणि मूळ फोन विकून टाकला, व्हॉट्सअपवर फिरून आलेली कॉपीच उरली, की घोळ. माझ्या मेव्हण्याने काढलेला सगळ्यात चांगला व्हिडिओ असाच गेला, त्याने दिवाळी ऑफरमध्ये फोन एक्स्चेंज केला होता.

आणि हात उचलू नका. शिवी पण नको. एकदा का दोन्हीकडून तक्रारी झाल्या की पोलिसांच्या दृष्टीने तुम्ही "दोन गट" होता, दोघांवर चॅप्टर केस म्हणजे शांतता राखण्यासाठीची कारवाई, तहसीलदारांपुढे दोघांनी बाँड द्यायचा. त्याहून वाईट म्हणजे बीएनएसएस १६४, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं १४५, जागेवरून शांतता भंग होण्याची भीती आहे असा रिपोर्ट गेला तर कार्यकारी दंडाधिकारी ताब्याची चौकशी सुरू करतात आणि प्रसंगी जागाच जप्तीत ठेवतात. समोरच्याला तेच हवं असतं. त्याला बांधायचं नाहीये, त्याला तुम्हाला थांबवायचंय. आमच्याकडे गवंड्याने एकदा रागाने थापी फेकली, लागली नाही कुणाला, तरी त्या थापीचा उल्लेख समोरच्याच्या प्रत्येक कागदात आला.

दिवाणी दावा आणि निशाणी ५

आता कोर्ट. दावा निरंतर म्हणजे कायमच्या मनाईचा, आणि त्याबरोबर तूर्तातूर्त मनाईचा, म्हणजे दावा चालू असेपर्यंतच्या मनाईचा अर्ज, सीपीसी (दिवाणी प्रक्रिया संहिता) ऑर्डर ३९ रूल १ आणि २ खाली. कोर्टात सगळे त्याला निशाणी पाच म्हणतात, "पाचचं काय झालं?" असं कुणी विचारलं तर घाबरू नका. खरी लढाई या अर्जावरच होते कारण मूळ दाव्याला वर्षं लागतात. कोर्ट तीन गोष्टी बघतं: प्रथमदर्शनी केस आहे का, मनाई दिल्याने कुणाची गैरसोय जास्त, आणि नंतर पैशाने भरून न येणारं नुकसान आहे का. तिसऱ्यासाठी नुसतं "फार नुकसान" लिहू नका, बँकेच्या होम लोनचे हप्ते सुरू झालेत, परवानगीची मुदत अमुक तारखेला संपते, खणलेला पाया पावसात ढासळेल, असं लिहा आणि त्याचे कागद जोडा.

एक प्रश्न वकिलांना पहिल्याच भेटीत विचारा: नुसती मनाई पुरेल, की मालकी जाहीर करून मागावी लागेल? समोरचा मालकीवरच खराखुरा संशय उभा करत असेल तर साधा मनाईचा दावा लंगडा पडतो, अनाथुला सुधाकर या २००८ च्या निकालात सुप्रीम कोर्टाने हे नीट उलगडून सांगितलंय. नंतर दावा दुरुस्त करता येतो पण महिने जातात.

खूपच घाई असेल तर समोरच्याला न ऐकता एकतर्फी मनाई मागता येते. मिळाली की नाचू नका. रूल ३ प्रमाणे अर्ज, दावा, प्रतिज्ञापत्र, कागदपत्रं सगळं त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी समोरच्याला पाठवावं लागतं आणि पाठवल्याचं प्रतिज्ञापत्र कोर्टात द्यावं लागतं, ते राहिलं तर त्यावरच स्टे उठतो. एकतर्फी हुकूम असला की तीस दिवसांत पाचचा निकाल लावायचा प्रयत्न करावा असं रूल ३ए म्हणतो. प्रत्यक्षात समोरचे "म्हणणे" म्हणजे लेखी उत्तर द्यायलाच चार तारखा घेतात, तेव्हा दर तारखेला तुमचा वकील हजर असणं आणि त्याने "म्हणण्याशिवाय आदेश करा" असं सांगणं हेच तुमच्या हातात. केस ई-कोर्ट्स ॲपवर सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा वेगळा नंबर) टाकून रोज बघता येते, मी तर क्रिकेटचा स्कोअर बघावा तसा बघायचो.

दाव्याच्या आधी कॅव्हेट टाका. समोरचा तुमच्या आधी कोर्टात जाऊन तुमच्यावरच स्टे आणू शकतो. कॅव्हेट नव्वद दिवस चालतं, त्या काळात तुम्हाला कळवल्याशिवाय त्याचा अर्ज ऐकला जात नाही. खर्च किरकोळ. मी टाकलं नव्हतं, नशिबाने वाचलो.

जागेवर काय स्थिती आहे यावरच वाद असेल, पाया खणलाय की नाही, वाट कुठून जाते, तर ऑर्डर २६ रूल ९ खाली कोर्ट कमिशनर मागता येतो. तो येऊन बघून अहवाल देतो. "जैसे थे" हा शब्द मात्र कानावर आला की सावध व्हा. ऐकायला निरुपद्रवी वाटतो, पण बांधकाम करणाऱ्याला जैसे थे म्हणजे काम बंद. तुमचा वकील "जैसे थे चालेल" म्हणाला तर त्याला तिथल्या तिथे थांबवा.

पैशाची अडचण असेल तर तालुका विधी सेवा समितीत विचारा, महिलांना, अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, बाकीच्यांना उत्पन्नाच्या मर्यादेत.

ती एक ओळ

मनाई हुकूम समोरच्याला "अडवू नको" सांगतो. तो पोलिसांना काही सांगत नाही. पोलीस संरक्षणासाठी वेगळा अर्ज करावा लागतो, सीपीसी कलम १५१ खाली, म्हणजे कोर्टाच्या अंगभूत अधिकारात. मीरा चौहान विरुद्ध हर्ष बिश्नोई या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की मनाईचा हुकूम मोडला जात असेल तर तो पाळला जावा म्हणून कोर्ट पोलिसांना मदतीचा आदेश देऊ शकतं. "मोडला जात असेल" हे महत्त्वाचं. म्हणून मनाई मिळाल्यावर आधी प्रामाणिकपणे काम सुरू करून बघा, हुकुमाची नक्कल समोरच्याला बजावलेली असू दे, अडवलं की परत तक्रार, व्हिडिओ, परत गेलेल्या मालाची पावती, आणि हे सगळं १५१ च्या अर्जाला जोडा. नुसतं "अडवतील अशी भीती आहे" यावर बरीच कोर्टं हात आखडता घेतात, आणि एकतर्फी हुकुमावर तर जास्तच.

त्याच बरोबर ऑर्डर ३९ च्याच रूल २ए चा अर्ज, हुकूम मोडल्याबद्दल. त्यात मालमत्ता जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे. माणूस आत जाईपर्यंत प्रकरण क्वचित जातं, पण नोटीस घरी आली की घरातली मोठी माणसं त्याला समजावायला लागतात, आमच्याकडे बुलेटवाल्याच्या वडिलांनीच पहिल्यांदा मला नमस्कार केला तो या नोटिशीनंतर.

आता अर्जातली विनंती. कोर्ट सहसा तुम्ही मागितलं त्यातूनच देतं, म्हणून विनंतीच्या परिच्छेदावर वकिलांबरोबर बसा. त्यात गट नंबर, प्लॉट नंबर आणि चतुःसीमा पाहिजे. परवानगीचा नंबर-तारीख पाहिजे. पोलीस स्टेशनचं नाव आणि "पोलीस निरीक्षक" हे पद पाहिजे, माणसाचं नाव नको, बदल्या होतात. बंदोबस्त एका दिवसाचा नको, "मंजूर नकाशाप्रमाणे बांधकाम पूर्ण होईपर्यंत, वादी लेखी मागणी करेल त्या त्या दिवशी, वादीच्या खर्चाने" असं काहीतरी पाहिजे. माझ्या वकिलांनी पहिल्या मसुद्यात "योग्य ते संरक्षण द्यावे" एवढंच लिहिलं होतं. योग्य म्हणजे किती, कधी, कुणी? अंमलदारांचं ते बोट मला आठवलं आणि मी मसुदा परत लिहून घेतला.

पोलिसांना दाव्यात प्रतिवादी करायच्या भानगडीत सहसा पडू नका. सरकारविरुद्ध दाव्याआधी कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते, आणि १५१ च्या आदेशासाठी त्याची गरज नसते.

अर्ज फेटाळला तर? पाचच्या निकालावर जिल्हा न्यायालयात अपील आहे, ऑर्डर ४३ खाली. १५१ चा अर्ज फेटाळल्यावर मात्र तसं सरळ अपील नाही, हायकोर्टात रिट, म्हणजे घटनेखालची याचिका.

थेट हायकोर्टात का नाही?

हा प्रश्न मला सगळ्यांनी विचारला. घटनेच्या कलम २२६ खाली रिट करता येते, पण पी. आर. मुरलीधरन केसमध्ये २००६ साली सुप्रीम कोर्टाने बजावलंय की ज्या हक्काचाच वाद आहे तो पोलीस संरक्षणाच्या नावाखाली रिटमध्ये ठरवून घेता येणार नाही. म्हणजे शेजाऱ्याशी हद्दीचा वाद असेल तर हायकोर्ट म्हणणार, दिवाणी कोर्टात जा. रिट कुठे चालते? जिथे तुमचा हक्क आधीच ठरलाय, दिवाणी कोर्टाचा हुकूम हातात आहे आणि पोलीस तरी हलत नाहीत, किंवा समोरचा काही हक्कच सांगत नाही, सरळ खंडणी मागतोय आणि तक्रारींवर तक्रारी देऊन कुणी दखल घेत नाही. तिथे तुमच्या पोच घेतलेल्या सगळ्या प्रतींची किंमत कळते. रिटमध्ये सरकार, अधीक्षक, पीआय यांच्याबरोबर अडवणाऱ्यालाही पार्टी करा.

कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना यासाठी आता मुंबई गाठायची गरज नाही, १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय. ज्यांनी एका तारखेसाठी रात्रभर एसटीत काढलीये त्यांना याची किंमत विचारा.

बंदोबस्ताचा दिवस

ऑर्डरची सही-शिक्क्याची नक्कल घ्या, झेरॉक्सवर काम होत नाही. तिच्याबरोबर पीआयच्या नावाने अर्ज: कोणत्या तारखेला, किती ते किती, काय काम, किती मजूर, कोण अडवू शकतं. मग बंदोबस्ताचे पैसे भरायला सांगतात, किती कर्मचारी, कोणत्या हुद्द्याचे, किती वेळ यावर आकारणी असते. ते सरकारी चलनानेच भरा आणि पावती फाइलला लावा. हातात पैसे मागितले तर ती वेगळी तक्रार.

तारीख ठरवताना कॅलेंडर बघा. गणपती, वारीच्या रस्त्यावरचं गाव असेल तर आषाढी, निवडणूक, मोहरम-ईद, सहा डिसेंबर, या दिवसांच्या आसपास माणूस मिळणार नाही, आणि ते खरंच देऊ शकत नाहीत. दहा-बारा दिवस आधी अर्ज द्या आणि दोन दिवस आधी जाऊन परत आठवण करा.

रोज बंदोबस्त परवडत नाही आणि मिळतही नाही. म्हणून तो कुठे खर्च करायचा ते ठरवा. आम्ही तीन दिवस निवडले: लाइनआउटचा, म्हणजे जागेवर आखणी करायचा, कारण चुन्याची फक्की पडली की हद्द डोळ्याला दिसते आणि भांडण तिथेच पेटतं, मग पायाचं काँक्रीट, आणि स्लॅब. स्लॅब मध्येच थांबवता येत नाही. अर्धा ओतून दोन तास भांडण झालं तर तिथे सांधा पडतो आणि तो पुढे आयुष्यभर गळतो. मे महिन्यात पाया आणि जोतं उरकलं, जोतं तपासून घेतलं, आणि स्लॅब दिवाळीनंतर.

समोरचे बायकांना पुढे करतात. हे कुणी लिहीत नाही पण सगळ्यांना माहीत असतं. त्या जेसीबीसमोर बसल्या की पुरुष पोलीस हात लावत नाहीत, मग दिवस गेला. अर्जातच महिला कर्मचारी मागा.

प्रत्यक्ष दिवस कसा असतो? लाइनआउटला एक हवालदार, दोन शिपाई आणि एक महिला शिपाई आले, आम्ही आंब्याखाली खुर्च्या टाकल्या, चहा झाला. पोलीस तुमच्या बाजूने उभे नसतात, ते ऑर्डरच्या बाजूने उभे असतात, हे मला तेव्हा जाणवलं. हवालदारांनी सगळ्यात आधी माझ्याकडूनच मंजूर नकाशा मागितला आणि आर्किटेक्टला विचारलं, "हे चाललंय ते यातलंच ना?" ते माल हलवत नाहीत, कुंपण पाडत नाहीत, समोरच्याचं सामान बाहेर काढत नाहीत. बुलेटवाला आला, लांब उभा राहिला, हवालदार चालत त्याच्याकडे गेले, ऑर्डर वाचून दाखवली, मोबाइलवर त्याचं शूटिंग घेतलं. तो दहा मिनिटांनी गेला. बस. इतक्या महिन्यांनंतर एवढंच झालं आणि मला जरा फसल्यासारखंच वाटलं.

पण तो तिसऱ्या दिवशी परत आला, बंदोबस्त नसताना. हे होणारच असं धरून चाला. त्या दिवशी आम्ही काम थांबवलं नाही, वाद घातला नाही, ११२ ला फोन केला, व्हिडिओ घेतला, संध्याकाळी लेखी तक्रार, सोबत ऑर्डरची नक्कल, आणि पुढच्या तारखेला ती २ए च्या अर्जात. असे दोन प्रसंग कागदावर आले की मग तो येत नाही. बंदोबस्त संपल्यावर स्टेशन डायरीत काय नोंद केली ते माहिती अधिकारात मागून घ्या, पुढे कामाला येते.

पुण्या-मुंबईला किंवा परदेशात राहून गावात बांधणाऱ्यांसाठी एक. दर वेळी तुम्ही येऊ शकत नाही, तर कोर्ट, पोलीस, नगरपालिका तिन्हींचा स्पष्ट उल्लेख असलेलं कुलमुखत्यारपत्र घरच्या माणसाला द्या. परदेशात केलं तर भारतीय दूतावासात साक्षांकित करून घ्या आणि इथे आल्यावर तीन महिन्यांच्या आत मुद्रांक भरा. आमच्या ओळखीत एकाने "घराची देखभाल" एवढंच लिहिलेलं पत्र दिलं होतं, भावाला दावा टाकताच आला नाही.

स्लॅबच्या दिवशी मी बंदोबस्त मागितला होता, पैसेही भरले होते, पण त्याच सकाळी हायवेला अपघात झाला आणि आमच्या वाट्याला एकच शिपाई आला, तोही अकरा वाजता. मिक्सर सात वाजल्यापासून फिरत होता. कुणी आलं नाही. शिपाई म्हणाला, मघाशी चौकात बुलेट दिसली होती, तो विचारत होता आज किती पोलीस आहेत. "मी म्हटलं, मोजून सांगतो."